'द गॉड ऑफ स्मॉल थिंग्ज' वही घेऊन वाचताना: जात, घर आणि आठवण

अरुंधती रॉय यांची ही पहिली कादंबरी १९९७ साली आली आणि त्याच वर्षी तिला बुकर पारितोषिक मिळालं. पुस्तक अनेकांच्या कपाटात आहे, पण मी ज्यांना विचारलं त्यातले निम्मेअधिक लोक तीस-चाळीस पानांवर थांबलेले. कारण एकच: काय चाललंय कळत नाही. माणसं एकदम येतात, काळ मागे-पुढे उड्या मारतो, आणि सगळं आधीच सांगून टाकलंय असंही वाटतं. आमच्या वाचनगटातही पहिल्या वेळी हेच झालं. दुसऱ्या वेळी प्रत्येकाने शंभरपानी वही घेतली आणि पुस्तक उलगडलं. ती पद्धत इथे लिहितो आहे. मी पुढे कथानक लपवणार नाही. लेखिकेनेही ते लपवलेलं नाही.

ही वही ज्या एका प्रश्नासाठी ठेवायची, तो आधी सांगतो. या गोष्टीत काही तासांच्या अंतराने दोन मृत्यू होतात. एक लंडनहून आलेली नऊ वर्षांची मुलगी, सोफी मोल, घरातल्या चाकोची लेक. ती नदीत बुडते. दुसरा वेलुथा, अस्पृश्य मानलेल्या परवन जातीचा सुतार. त्याला पोलीस मारतात. मुलीचा अंत्यविधी चर्चमध्ये होतो, तिचं दुःख त्या घरात वर्षानुवर्षं वावरतं. वेलुथाला बेवारस प्रेतांच्या खड्ड्यात टाकतात, आणि घरात त्याचं नाव निघत नाही. कुणाचं मरण घराची शोकांतिका ठरतं आणि कुणाचं मरण नुसतं मिटवून टाकलं जातं, हा तो प्रश्न. जात, कुटुंब आणि आठवण हे तीन वेगळे विषय म्हणून या पुस्तकात शोधायला गेलात तर हाती फारसं लागत नाही. तिन्हींची गाठ या दोन मृत्यूंपाशी आहे.

आधी पहिलं प्रकरण दोनदा वाचा

पहिल्या वाचनात काही समजून घेण्याचा हट्ट धरू नका. पावसाचं वर्णन, लोणच्याच्या कारखान्याचं नाव, जुळी भावंडं, चर्चमधली शवपेटी, सगळं अंगावरून जाऊ द्या. दुसऱ्या वाचनाला वही उघडा आणि लेखिकेने जे जे आधीच सांगून टाकलंय त्याची यादी करा. सोफी मोल मेली आहे. जुळ्यांची आई अम्मू एकतिसाव्या वर्षी मेली आहे. जुळ्यांतला एस्था बोलायचा थांबला आहे. अंत्यविधीनंतर अम्मू मुलांना घेऊन पोलीस ठाण्यात जाते आणि तिथून अपमानित होऊन परतते. एस्थाला वडिलांकडे कलकत्त्याला पाठवून दिलं जातं.

ही यादी झाली की लक्षात येतं, 'पुढे काय होणार' हा प्रश्न लेखिकेने पहिल्याच प्रकरणात निकालात काढला आहे. उरतो तो 'हे होऊ कुणी दिलं'. घरातल्या मोठ्या दुःखाची आठवण आपल्यालाही अशीच येते. शेवट आधी आठवतो, मग त्याच्या आजूबाजूच्या बारीकसारीक गोष्टी: कुणी कुठले कपडे घातले होते, कुणी काय खाल्लं होतं. म्हणून काळाच्या उड्या लिहिण्याची चमक म्हणून वाचू नका. राहेल आणि एस्था ही जुळी भावंडं ज्या क्रमाने आठवतात, त्या क्रमाने पुस्तक चालतं.

तारखांची पट्टी

वहीचं पान आडवं धरा आणि दोन समांतर रेघा मारा. वरच्या रेघेवर लिहा डिसेंबर १९६९, खालच्या रेघेवर १९९३. वर जुळी सात वर्षांची आहेत. खाली एकतीस वर्षांची, म्हणजे नेमकं अम्मू ज्या वयात गेली त्या वयाची. मधली तेवीस वर्षं एस्था वडिलांकडे आणि राहेल शाळा, दिल्ली, अमेरिका अशी फिरत राहिली. स्थळ मात्र एकच, कोट्टायमजवळचं अयमेनेम गाव आणि तिथली मीनाचल नदी.

प्रत्येक प्रकरण संपलं की ते वरच्या रेघेचं की खालच्या, एवढी खूण करा. वरच्या रेघेचा महत्त्वाचा भाग जेमतेम दोन आठवड्यांचा आहे: कोचीनला मोटारीने जाणं, वाटेत मोर्चा अडवतो तो प्रसंग, अभिलाष टॉकीज, विमानतळ, सोफी मोलचं स्वागत, आणि मग नदी. हे दोन आठवडे वहीत दिवसवार मांडता आले तर बाकी पुस्तक आपोआप जागच्या जागी बसतं. या पट्टीचा खरा उपयोग शेवटच्या प्रकरणाला होतो, त्याकडे नंतर येऊ.

घर कुणाचं आहे ते बघा

वंशावळ सगळेच काढतात. तुम्ही नावांपुढे आणखी एक गोष्ट लिहा: या माणसाचा घरावर हक्क काय?

हे घर सीरियन ख्रिश्चनांचं आहे, आणि तिथेच मराठी वाचकाची पहिली चूक होते. ख्रिश्चन घर म्हणजे जात मागे पडली असेल, असं आपण धरून चालतो. केरळचे सीरियन ख्रिश्चन शतकानुशतकं जमीनजुमला आणि प्रतिष्ठा राखून असलेले लोक. शिवताशिवत त्यांनीही पाळली. वेलुथाचे पूर्वज अस्पृश्यता चुकवायला ख्रिस्ती झाले, तर त्यांना वेगळी चर्चेस आणि वेगळे पाद्री मिळाले. आणि स्वातंत्र्यानंतर कागदोपत्री ते ख्रिस्ती असल्यामुळे सवलतीही नाहीत. हे कादंबरीतलं दुखणं खऱ्या कायद्यातून आलं आहे. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीचा दर्जा हिंदूंपुरता ठेवला. १९५६ मध्ये त्यात शीख आले आणि १९९० मध्ये बौद्ध. ख्रिस्ती दलित बाहेरच राहिले. धर्मांतरानंतर दाखल्यासाठी किती वर्षं झगडावं लागलं, हे महाराष्ट्रातल्या बौद्ध घरांना वेगळं सांगायला नको.

आता अम्मूच्या नावापुढे लिहा: काहीही नाही. तिचा नवरा आसामच्या चहामळ्यात होता, बंगाली, दारुडा. ती त्याला सोडून माहेरी आली. कारखान्यात ती भाऊ चाकोइतकंच राबते, पण कारखाना 'त्याचा'. त्रावणकोरच्या १९१६ च्या ख्रिश्चन वारसा कायद्यात मुलीचा वाटा मुलाच्या वाट्याच्या चौथा हिस्सा किंवा पाच हजार रुपये, यांतलं जे कमी असेल ते, असा होता. या कायद्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात लढल्या त्या मेरी रॉय, म्हणजे लेखिकेच्या आई. निकाल १९८६ साली लागला आणि सीरियन ख्रिश्चन मुलींना समान वाटा मिळाला. अम्मूची गोष्ट त्याच्या सतरा वर्षं आधी घडते. एवढं माहीत असलं की तिचा संताप वाचताना स्वभावदोष वाटत नाही.

त्याच पानावर चाकोसाठी एक ओळ राखून ठेवा. कारखान्यातल्या बायका त्याच्या खोलीत गुपचूप याव्यात म्हणून त्याची आई मम्माची वेगळं दार करून देते. पुरुषाच्या गरजा असतात, असं तिचं म्हणणं. मुलाच्या या वागण्याला दार मिळतं. मुलगी खालच्या जातीच्या पुरुषावर प्रेम करते तेव्हा तिला खोलीत कोंडून बाहेरून कडी लावतात. हे दोन दरवाजे वहीत शेजारी शेजारी लिहा. जात टिकवायची तर बाईवर पहारा लागतो, हे डॉ. आंबेडकरांनी १९१६ मध्ये कोलंबिया विद्यापीठातल्या आपल्या निबंधात मांडलं होतं. या घरात ते दारांच्या रचनेतून दिसतं.

जात कशाकशात आहे त्याची नोंद ठेवा

या पायरीवर घाई करू नका. वहीची चार-पाच पानं इथे गेली तरी चालतील.

मम्माचीला तिचं लहानपण आठवतं: परवनांनी हातात झाडू घेऊन उलटं सरकत जायचं आणि स्वतःची पावलं पुसत जायची, म्हणजे ब्राह्मण किंवा सीरियन ख्रिश्चनाचा पाय चुकून त्या ठशावर पडून विटाळ होणार नाही. या वाक्याशी मराठी वाचक थबकतोच. पेशवाईतल्या पुण्यात अस्पृश्याने कमरेला झाडू बांधून चालायचं, हे आपण डॉ. आंबेडकरांच्या १९३६ च्या जातिसंस्थेवरील भाषणात वाचलेलं असतं. दोन मुलखांत एकच झाडू. पण फरकही टिपा. आंबेडकर ते आरोपपत्रासारखं मांडतात. कादंबरीत ते एका म्हातारीला सहज आठवतं, लहानपणीची एखादी गंमत आठवावी तितकं सहज, आणि तिला त्यात काही गैर वाटत नाही. जुलमाची आठवण जुलूम केलेल्या घरात कशी राहते, ते इथे दिसतं.

मग वेलुथाचा बाप, वेल्या पापन. अपघातात त्याचा डोळा गेला, काचेचा डोळा मम्माचीने बसवून दिला. मुलाचं आणि अम्मूचं नातं त्याला कळतं तेव्हा तो पावसात धावत मालकिणीकडे येतो, सगळं सांगतो, काचेचा डोळा काढून परत देऊ करतो, आणि स्वतःच्या मुलाला स्वतःच्या हातांनी मारायची तयारी दाखवतो. पुस्तकातलं सगळ्यात अवघड पान हेच आहे असं मला वाटतं. या बापाला भित्रा म्हणून सोडून देऊ नका. त्याच्या नावापुढे लिहा: उपकार, कर्ज, डोळा. पिढ्यान्पिढ्या उपकाराखाली ठेवलेल्या माणसाची निष्ठा त्याच्या पोटच्या पोराच्या मुळावर येते. हा प्रसंग रंगवताना लेखिकेचा आवाज जराही चढत नाही.

वेलुथा मात्र बापासारखा नाही. एका जर्मन सुताराकडे शिकलेला, यंत्रं दुरुस्त करणारा, कम्युनिस्ट पक्षाचा कार्डधारक सभासद. बापाला भीती वाटते ती त्याच्या चालण्याची, मान वर ठेवण्याची, न विचारता सल्ला देण्याची. कारखान्यात मम्माची त्याला सवर्ण सुतारापेक्षा कमी आणि परवनाला एरवी मिळेल त्यापेक्षा जास्त पगार देते, आणि तेवढ्यानेही बाकीचे कामगार नाराज होतात. नावातही एक घाव आहे: मल्याळममध्ये 'वेळुत्त' म्हणजे पांढरा, आणि तो काळाभोर म्हणून हे नाव.

पुढची नोंद पक्षाची. १९५७ साली केरळात ई. एम. एस. नंबुद्रीपाद यांचं कम्युनिस्ट सरकार निवडून आलं. कादंबरीतल्या लोकांना ते दिवस अजून आठवतात. पण वेलुथा शेवटच्या रात्री मदतीसाठी पक्षाचा स्थानिक पुढारी कॉम्रेड पिल्लई याच्या दारात जातो आणि पिल्लई हात झटकतो. पुस्तकावर डाव्या पक्षातून कडक टीका झाली ती या चित्रणामुळे. टीका वाचा, पण प्रसंग पुन्हा वाचूनच मत बनवा. याच कोट्टायम परिसरात, वायकोमला, मंदिराभोवतीच्या रस्त्यांसाठी १९२४-२५ मध्ये सत्याग्रह झाला होता आणि १९३६ मध्ये त्रावणकोरच्या महाराजांनी मंदिरप्रवेशाचा जाहीरनामा काढला होता. म्हणजे रस्ते खुले झाले, मंदिरं खुली झाली, सरकार बदललं, आणि १९६९ मध्ये घराचा उंबरठा तिथेच होता.

वस्तूंच्या मागे जा

एवढ्या जड गोष्टींनंतर हे काम हलकं वाटेल, पण चुकवू नका. राहेलचं खेळण्यातलं घड्याळ घ्या: त्यावर काटे रंगवलेले, कायम दोनला दहा कमी. पप्पाचीचा, म्हणजे मम्माचीच्या नवऱ्याचा, पतंग घ्या: त्या कीटकतज्ज्ञाने शोधलेल्या पतंगाला त्याचं नाव मिळालं नाही, त्याचा राग त्याने घरावर काढला, आणि तोच पतंग पुढे राहेलच्या छातीवर भीती होऊन बसतो. केळ्याचा मुरंबा घ्या, ज्याला सरकारी नियमात धड जॅम म्हणता येत नाही धड जेली. प्रत्येक वस्तूला वहीत एक ओळ द्या आणि ती पुन्हा आली की पानाचा आकडा टाका.

तिसऱ्या-चौथ्या वेळी वस्तू आली की आधीचे प्रसंग आपोआप जागे होतात. लेखिका आठवणीचं वर्णन करत बसत नाही, ती वाचणाऱ्याच्याच डोक्यात आठवण तयार करते. इंग्रजीत वाचत असाल तर मुलांची भाषा मोठ्याने वाचा: उलटे वाचलेले शब्द, चिकटवलेले शब्द, मध्येच मोठी अक्षरं. देवनागरीत मोठी-लहान अक्षरं नाहीत, त्यामुळे मराठीत ही एक गंमत हातातून निसटते. जमल्यास दोन्ही प्रती जवळ ठेवा. अपर्णा वेलणकर यांचा मराठी अनुवाद आहे.

एस्थाचं 'हो'

पोलीस ठाण्याचं प्रकरण एका बैठकीत वाचा, मध्ये उठू नका. त्याआधी वहीत घटनाक्रम लिहा. बेबी कोचम्मा, म्हणजे मुलांच्या आईची आत्या, पोलिसांत खोटी तक्रार देते. पोलीस पहाटे पडक्या घरात वेलुथाला गाठतात आणि दोन सात वर्षांच्या मुलांच्या डोळ्यांदेखत त्याला मरणाच्या दारात पोचेपर्यंत मारतात. मग कळतं की तक्रार टिकत नाही. मुलांनी अपहरण झालं असं सांगितलं नाही तर आत्याच अडकणार. ती मुलांना पटवते: आईला वाचवायचं असेल तर एकाने आत जायचं आणि विचारतील त्याला 'हो' म्हणायचं. एस्था आत जातो. समोर वेलुथा अजून जिवंत आहे.

त्या एका 'हो'च्या भोवती गोल करा आणि त्यातून बाण काढा. किती जणांकडे जातात पाहा. तक्रार देणारी आत्या, कडी लावणारी आजी, धावत आलेला बाप, दार बंद करणारा कॉम्रेड, भिंतीवर सौजन्याच्या पाट्या लावलेलं पोलीस ठाणं. सगळ्यांचा वाटा त्यात आहे. पण बोलणं बंद होतं ते फक्त मुलाचं. मोठी माणसं विसरतात, मूल विसरू शकत नाही. अम्मू खरं सांगायला जाते तेव्हा इन्स्पेक्टर तिला वेश्या म्हणून हाकलतो, म्हणजे सरकारी कागदावरही खोटी आठवणच उरते.

मग कादंबरीशी भांडा

एवढं झाल्यावर वहीत एक पान विरोधाचं ठेवा. वेलुथाच्या मनात आपण किती वेळा शिरतो? फार थोड्या वेळा. त्याचं शरीर, त्याचे हात, त्याचं हसू आपल्याला पुष्कळ दिसतं; त्याचं बालपण, त्याची आई, त्याचा राग जवळपास नाही. त्याची आठवण काढणारेही वरच्या घरातलेच आहेत. हा आक्षेप मला खरा वाटतो, आणि तो मान्य करूनही पुस्तक मोठंच राहतं.

म्हणून शेजारी दोन पुस्तकं ठेवा. एक बाबुराव बागुलांचा १९६३ चा 'जेव्हा मी जात चोरली होती'. त्यातल्या शीर्षककथेत जात लपवावी लागलेला माणूस स्वतः 'मी' म्हणून बोलतो, आणि भाड्याची खोली मिळवण्यापासून अपमान कसा सुरू होतो ते त्याच्याच तोंडून कळतं. दुसरं पेरुमाळ मुरुगन यांची तमिळ कादंबरी 'पूक्कुळि', इंग्रजीत 'पायर'. कुमरेसन लग्न करून सरोजाला गावी आणतो आणि सगळं गाव तिची जात विचारत राहतं. लेखक मात्र शेवटपर्यंत त्या जातीचं नाव लिहीत नाही. रॉय जातीचं नाव घेऊन तिचा इतिहास सांगतात, मुरुगन नाव गाळून तिचा धाक दाखवतात, बागुल ती अंगावर घेऊन बोलतात. तिन्ही वाचल्यावर वेलुथाचं मौन अधिक ठळक जाणवतं.

गटात वाचत असाल तर एक विनंती. चर्चेत कुणी दलित सभासद असतील तर 'तुमचा अनुभव सांगा ना' म्हणून त्यांच्याकडे वळू नका. आमच्याकडे ही चूक झाली आणि एक गृहस्थ पुढच्या दोन बैठकांना आले नाहीत. त्यानंतर आम्ही प्रश्न बदलला: आपापल्या घरात वेगळी कपबशी कुणासाठी होती, ती कुठे ठेवलेली असायची, हे प्रत्येकाने आठवावं. त्या दिवशी बहुतेक सवर्ण घरांतली माणसं बोलली, थांबत थांबत. ते गृहस्थही परत आले होते. ते ऐकत होते.

शेवटचं प्रकरण पट्टीवर कुठे बसतं

शेवटच्या प्रकरणावरून केरळात अश्लीलतेचा खटला भरला गेला होता, त्यामुळे अनेक जण ते वेगळ्याच उत्सुकतेने उघडतात. तुम्ही आधी पट्टी काढा. अम्मू आणि वेलुथा नदीकाठी पहिल्यांदा भेटतात ती रात्र कुठली? सोफी मोल घरी आली त्याच दिवसाची रात्र. घर पाहुणीच्या कौतुकात आहे, केक कापून झाला आहे, आणि अंगणापलीकडे हे घडतं आहे. म्हणजे पुस्तकाचं शेवटचं पान तारखेने वरच्या रेघेच्या मध्यावर पडतं. पुढे तेरा रात्री आहेत, आणि त्या कशात संपणार हे आपल्याला पहिल्या प्रकरणापासून ठाऊक आहे. दोघं मोठ्या गोष्टींविषयी बोलत नाहीत. एका कोळ्यावर, मुंग्यांवर, लहानसहान जिवांवर त्यांचं लक्ष असतं. निघताना ती वळून एकच शब्द म्हणते, मल्याळममध्ये 'नाळे', उद्या.

पेन्सिलने तो शब्द पट्टीवर त्या तारखेखाली लिहा.